मिस फेमीचा नंबर

एफुआ पहिल्यांदा लीड्समधल्या चॅपलटाउनच्या आमच्या हॉलमध्ये आली, तेव्हा तिनं आधी हे स्पष्ट केलं की ती दिग्दर्शक नाही.

"मग कॅमेरा कुणाचा?" ओटाली केन्सनं विचारलं. ओटाली हॉस्पिटलात वॉर्डची सिस्टर होती. निवृत्त होऊन जमाना झाला, पण समोर उभ्या असलेल्या कुणाहीकडे, हा अजून खाटेवर का नाही, अशा नजरेनं ती बघते.

"कॅमेरा माझा. पण मी फक्त ऐकणारी," एफुआ म्हणाली. लंडनची पोरगी, आईबाप घानाचे, डोळे टपोरे आणि मन अतिशय स्वच्छ. "काळ्या बायकांच्या आयुष्यावर आजवर दुसऱ्यांनीच सिनेमे काढले, आँटी. हा माहितीपट तुमचा. सगळे निर्णय तुम्ही सगळ्यांनी मिळून घ्यायचे."

हॉलमध्ये शांतता पसरली. ती शांतता एफुआला आदराची वाटली. खरं तर ती काळजीची होती. आमच्याकडच्या निम्म्या बायका सेंट किट्सच्या, निम्म्या नेव्हिसच्या. कॅरिबियनमधली दोन बेटं, मध्ये जरासा समुद्र. एकीकडे कुणी शिंकलं की दुसरीकडे नाकं मुरडतात. लीड्सला येऊन त्यांची साठ वर्षं झाली, पण नाताळला हॅम कुठून आणायचं हेसुद्धा त्यांनी कधी सगळ्यांनी मिळून ठरवलेलं नाही.

मी ग्लेनिस. म्हणजे इनेझ निस्बेटची मुलगी; चॅपलटाउनमध्ये माझं पूर्ण नाव तेच. कॉलेजात शिकवते, पन्नाशी उलटली, तरी त्या हॉलमध्ये मी पोरगीच. लॅपटॉप माझा असल्यामुळे संकलनाचं काम माझ्या गळ्यात पडलं.

सिनेमा सुरू कुठून करायचा, यावर पहिली बैठक झाली.

"बोटीपासून," ओटाली म्हणाली. "धुकं, बंदर, आणि मी डेकवर उभी."

"तू विमानानं आलीस," मर्डेल फिप्स म्हणाली. मर्डेलचं केस करायचं दुकान आहे, त्यामुळे कुणाच्या डोक्यात काय आहे हे तिला आतून-बाहेरून ठाऊक असतं.

"विमानतळापर्यंत बोटीनंच आले ना!"

माझ्या आईचं म्हणणं, सुरुवात प्रार्थनेनं व्हावी. मर्डेलचं म्हणणं, सुरुवात केसांनी व्हावी, कारण देवही वरून आधी तेच बघतो. एफुआ प्रत्येकीला "किती सुंदर!" म्हणत होती. संध्याकाळ होईतो एकच ठराव एकमतानं मंजूर झाला: पुढच्या वेळी बिस्किटं क्रीमवाली आणायची.

तेव्हा मिस फेमी बोलली.

युफेमिया लिबर्ड, मुक्काम मूळ जिंजरलँड, नेव्हिस. वय चौऱ्याऐंशी. सगळा जन्म सुटांच्या कारखान्यात पुरुषांच्या पँटींना काजं करण्यात गेला. या शहरातल्या कितीतरी पुरुषांची अब्रू एके काळी तिच्या काजांवर टिकून होती. पण आम्ही तिला ओळखतो ते भिशीमुळे. आमच्या आया इथं आल्या तेव्हा बँकवाले त्यांना दारातच हवापाण्याच्या दोन गोष्टी सांगून परत पाठवायचे. मग फेमीनं भिशी काढली. आमच्या गल्लीतली बहुतेक घरं त्या भिशीतून उभी राहिली, आणि आमच्या घराचा पुढचा दरवाजाही.

"भिशी करा," मिस फेमी म्हणाली.

"म्हणजे?" एफुआ.

"म्हणजे दर आठवड्याला एकीचा नंबर. त्या आठवड्यात कॅमेरा तिचा, तू तिची, ग्लेनिस तिची. बाकीच्यांनी तिला हवं ते द्यायचं. बस म्हटलं की बसायचं, रड म्हटलं की रडायचं. मतं आपापल्या घरी ठेवायची. पन्नास वर्षांत दोन बेटांच्या बायका फक्त भिशीत भांडलेल्या नाहीत."

एफुआच्या डोळ्यांत पाणी आलं. "हेच," ती म्हणाली, "हेच मला सगळ्या विद्यापीठांत कुणाला सांगता आलं नाही."

चिठ्ठ्या टाकल्या. पहिली ओटाली, मग मर्डेल, मग आई. मिस फेमीनं चिठ्ठी उचललीच नाही. भिशी चालवणारीनं शेवटी घ्यायचं, हा तिचाच नियम.

घरी जाताना मी तिचा हात धरून चालत होते. "माझा आठवडा महिनाअखेरीचा ना?" तिनं विचारलं. "मी ठरवून ठेवलंय काय करायचं ते."

"काय करायचंय?"

"तुझा नंबर आहे का?"

"नाही."

"मग कशाला विचारतेस?"

दुसऱ्या दिवशी तिनं तिचा लाल कोट ड्रायक्लीनला टाकल्याचं आईनं मला सांगितलं. चॅपलटाउनमध्ये मिस फेमीला लाल कोटात कुणी पाहिलं नव्हतं. तिच्याकडे लाल कोट आहे हीच बातमी होती.

ओटालीचा आठवडा तिच्या पुढच्या खोलीत सुरू झाला. आमच्या प्रत्येकीच्या घरात अशी एक पुढची खोली असते: काचेचे मासे, क्रोशाचे रुमाल, भिंतीवर येशू, आणि सोफ्यावर आणला त्या दिवसापासूनचं प्लास्टिक. त्या खोलीत कुणी राहत नाही. पाद्री आला आणि कुणी मेलं तरच ती उघडते. एफुआला स्वयंपाकघरात शूटिंग हवं होतं, "जिथं तुम्ही खरंच जगता तिथं."

"जगतो तिथं पाहुण्यांना नेत नाहीत," ओटाली म्हणाली.

त्यामुळे वंशभेदाबद्दल तिनं फार मोलाचं सांगितलं ते सगळं प्लास्टिकच्या कुरकुरीसकट सांगितलं. वॉर्डात एक म्हातारा तिला म्हणाला होता, 'तुझे काळे हात मला लावू नकोस'. त्यावर तिनं त्याला काय उत्तर दिलं, ते नेमकं त्या क्षणी ती जोशात पुढे सरकल्यामुळे त्या कुरकुरीत कायमचं गेलं. पुन्हा सांगायला ती तयार नव्हती. "तेव्हाही मी एकदाच सांगितलं होतं." मग तिला वॉर्ड उभा करायचा होता. माझी आई, मर्डेल आणि मिस फेमी तीन खाटांवर पेशंट झाल्या. आईला ताप दिला होता, पण तिनं आपल्या मनानं त्यात खोकला घातला. मध्येच बर्फ पडला, म्हणून ओटालीनं आणखी एक आठवडा घेतला. मिस फेमी खाटेवरून फक्त एवढंच म्हणाली, "माझी तारीख हलत नाही ना?"

मर्डेलच्या आठवड्यात तिनं जाहीर केलं की तिनं न केलेलं एकही डोकं तिच्या भागात दिसणार नाही. सगळ्या डोक्यांची रांग लागली. एफुआचंसुद्धा, आणि ती तर कॅमेऱ्यामागे होती. केस करण्यात आठवडा संपला, म्हणून शूटिंगसाठी दुसरा घेतला. तो बघून ओटालीला स्वतःच्या भागातलं आपलं डोकं खटकायला लागलं, त्यामुळे निम्मा वॉर्ड पुन्हा चित्रित झाला. पेशंट बऱ्या झालेल्या नव्हत्या, पण केस उत्तम होते.

आईचा आठवडा चर्चच्या टोप्यांवर गेला. त्याबद्दल मी मुलगी म्हणून काही बोलणार नाही.

या सगळ्यात एक गोष्ट आपोआप घडत होती. कुणाचाही नंबर असो, बोलणं कुठून तरी मिस फेमीवर यायचं, आणि मग रुमाल निघायचे. "फेमी नसती तर आम्ही रस्त्यावर असतो." "तिनं स्वतःसाठी कधी काही मागितलं नाही." "ती म्हणजे आमचा कणा." तिसऱ्यांदा 'कणा' ऐकल्यावर एफुआनं माहितीपटाचं तेच नाव ठेवलं. दर गुरुवारी आम्ही हॉलमध्ये आठवड्याचं चित्रण बघायचो. मिस फेमी मांडीवर पर्स घेऊन बसायची, पडद्यावर तिच्या नावानं रडणाऱ्या बायका बघायची, आणि शेवटी विचारायची, "तारीख?"

तारीख गेली. म्हणजे महोत्सवाची आली. उत्तरेकडच्या एका महोत्सवानं सिनेमा घेतला होता आणि त्यांना तो येत्या सोमवारी हवा होता. मिस फेमीचा आठवडा अजून सुरूही झाला नव्हता.

एफुआनं सगळ्यांना हॉलमध्ये बोलावलं. तिला रात्रभर झोप लागलेली दिसत नव्हती. "मला सांगायला जड जातंय," ती म्हणाली. "पण एका अर्थानं मिस फेमी सिनेमाभर आहेतच. प्रत्येकीच्या बोलण्यात आहेत. सिनेमाचा आत्माच आहेत. तर वेगळा भाग... नसला तरी..."

"अगं, एवढं काय त्यात!" ओटाली म्हणाली. "फेमीचं काही म्हणणं नसतं. कधी असतं?"

"कध्धी नाही," मर्डेल म्हणाली.

"देवमाणूस," माझी आई म्हणाली, आणि रुमाल काढला.

मिस फेमी आईच्या शेजारच्या खुर्चीत बसली होती.

"ओटाली," ती म्हणाली, "भिशीत शेवटचा नंबर खाणाऱ्या बाईला आपण काय म्हणतो?"

आमच्याकडे फार पूर्वी एक बाई भिशी घेऊन बर्मिंगहॅमला पळाली होती. तिचं नाव चॅपलटाउनमध्ये अजून कुणी मुलीला ठेवत नाही.

"फेमी, तुलना तरी काय करतेस! तू सिनेमात माझ्यापेक्षा जास्त आहेस!"

"मी नाहीये. तुम्ही आहात, माझ्याबद्दल बोलताना. मी तुमच्या पुढच्या खोलीतल्या सोफ्यासारखी आहे. सगळ्यांना अभिमान, बसत कुणी नाही. मेल्यावर तुम्ही हे सगळं बोलणारच आहात, जेवणही चांगलं ठेवाल. मी अजून मेलेली नाही. मला माझा नंबर पाहिजे."

"पण आँटी, सोमवारी—" एफुआ.

"आज सोमवार. म्हणजे आठवडा आहे. आणि नंबर लागला की उचल किती असते, मर्डेल?"

"सगळी," मर्डेल सवयीनं म्हणाली, आणि मग तिच्या लक्षात आलं.

"सगळी," मिस फेमी म्हणाली. "प्रत्येकीनं टाकलेली. आजपासून सोमवारपर्यंत तो सिनेमा माझा. सगळा."

"पण हा सगळ्यांचा मिळून..." एफुआनं प्रयत्न केला.

"हेच ते मिळून, बाळ. तुला वाटलं काय होतं?"

मंगळवारी सकाळी ती माझ्या स्वयंपाकघरात आली. कोट लाल होता. तिनं चष्मा लावला, लॅपटॉपसमोर बसली आणि म्हणाली, "सुरू कर."

ओटाली पडद्यावर आली. 'फेमी म्हणजे त्यागाची—'

"काढ."

मी काढलं. मर्डेल: 'तिनं कधी स्वतःचा विचार—'

"काढ."

आई, टोपीखाली, रुमाल हातात.

"काढ."

"मिस फेमी, हे फार चांगले क्षण आहेत. लोक रडतील."

"रडायचं असेल तर आपापल्या घरी रडावं. तिकीट काढून कशाला?"

एफुआचा फोन आला. निदान 'कणा' हे नाव तरी राहू द्यावं, अशी तिची विनंती होती. मिस फेमीनं फोन माझ्या हातातून घेतला. "बाळ, कणा पाठीत असतो. दिसत नाही, त्याला कुणी काही विचारत नाही, आणि दुखायला लागला की मगच घरात त्याचं नाव निघतं. दुसरं काहीतरी बघ."

जेवायच्या वेळेपर्यंत सिनेमाला जागोजागी भोकं पडली. ओटालीच्या भागात मुख्यतः प्लास्टिक उरलं होतं.

"आता ही भोकं कशानं भरायची?" मी विचारलं.

"उद्या सगळ्यांना हॉलवर बोलाव. नंबर माझा आहे. मी सांगेन ते करायचं."

बुधवारी तिघी ओळीनं बसल्या. एफुआनं कॅमेरा लावला. मी माइक धरला. मिस फेमी कॅमेऱ्याशेजारी खुर्ची टाकून बसली.

"पन्नास वर्षं माझ्या पाठीमागं जे बोलता," ती म्हणाली, "ते पुढून बोला."

तिघींनी एकमेकींकडे बघितलं. आईनं प्रार्थना सुचवली.

"बोला. नाहीतर सोमवारी सिनेमात फक्त टोप्या जातील."

"तू," ओटालीनं घसा साफ केला, "तू जरा कडक होतीस. भिशीच्या बाबतीत."

"जरा?"

"जरा नाही!" ओटालीचा आवाज एकदम वर गेला. "कर्टिसच्या वेळी मी हॉस्पिटलात कळा देत होते, आणि ही दारात उभी! म्हणते, 'ओटाली, आज गुरुवार, भिशीचा वार.'"

"तुझी पर्स कपाटात होती. मी फक्त ती दे म्हटलं."

"डॉक्टर मध्ये होता गं बाई!"

"मी त्याला सरक म्हटलं होतं."

"आणि माझ्या लग्नात!" आता मर्डेलला धीर आला. "मी चर्चमधून बाहेर पडतेय, लोक तांदूळ टाकतायत, आणि समोर फेमीचा हात पसरलेला. फोटोत आहे तो हात! नातवंडं विचारतात, आजी, हा हात कुणाचा?"

"सांगितलंस काय?"

"अनोळखी भिकारीण म्हणून सांगितलं."

मिस फेमी हसली. ती हसते तेव्हा आधी खांदे हलतात आणि आवाज फार उशिरा येतो. मग ती माझ्या आईकडे वळली. "इनेझ?"

आईनं मान खाली घातली. "हडर्सफील्ड," ती पुटपुटली.

"इनेझ!" ओटाली आणि मर्डेल एकदम ओरडल्या.

"खरं बोला म्हणाली ना ती!"

"थांबलीस का? माइककडे बघून सांग," मिस फेमी म्हणाली.

"दर शनिवारी बसनं हडर्सफील्डला जाते," आईनं माझ्या हातातल्या माइकला सांगितलं. "चर्चच्या कामाला जाते म्हणून सांगते. तिथं चर्च नाहीये. डॉमिनोचा क्लब आहे. आणि क्लबात हर्बर्ट क्लॅक्स्टन आहे."

"चर्चही आहे," मिस फेमी म्हणाली. "क्लबच्या अलीकडे. मी रोज त्याच्यासमोरूनच जाते."

"रोज?"

"दर शनिवारी. जीभ घसरली."

मग कुणाला थांबवता येईना. खारवलेला मासा वाढताना ती हात किती आखडता घेते, नेव्हिसवाल्यांची बाजू कशी घेते, मर्डेलनं केलेले केस घरी जाऊन कसे पुन्हा करते. शेवटचं मर्डेलला कुणी सांगितलं हे तिनं सांगितलं नाही, पण ओटालीनं घाईघाईनं काचेच्या माशांचा विषय काढला. मिस फेमी खुर्चीत मागे रेलून ऐकत होती. लॉटरी लागल्याचं कुणी वाचून दाखवावं तसा तिचा चेहरा. एफुआ कॅमेऱ्यामागे चिडीचूप होती. इतक्या आठवड्यांत ती पहिल्यांदाच खरोखर फक्त ऐकणारी झाली होती.

शनिवारी आम्ही सगळ्या हडर्सफील्डच्या बसमध्ये. हा तिचा ठरवून ठेवलेला बेत होता. ओटालीच्या हातात माइकचा लांब दांडा, कारण तिची उंची चांगली, मर्डेलकडे दिव्याची पिशवी, आईकडे जेवण. मिस फेमी खिडकीशी, लाल कोटात, हात रिकामे.

एफुआनं समोरच्या सीटवरून कॅमेरा धरला आणि मनातला एक प्रश्न विचारून घेतला. "आँटी, एवढी वर्षं तुम्ही बर्फापावसात घरोघर गेलात. हा त्याग—"

"कसला त्याग? मला आवडायचं."

"काय आवडायचं?"

"दार वाजवायला. दिवसभर कारखान्यात काजं. तिथं माझं नाव कुणाला येत नव्हतं, सगळे 'ए काजवाली' म्हणायचे. गुरुवारी मी या बायकांची दारं वाजवली की आतून भांडी पडल्याचा आवाज यायचा. 'फेमी आली, फेमी आली!' नवरे मागच्या दारानं पळायचे. एक तर कुंपणावर अडकला. मी त्याला सोडवलं, आणि मग पैसे घेतले." ती खिडकीबाहेर बघायला लागली. "अख्ख्या शहरात मला घाबरणारी माणसं तेवढीच होती. त्यांना मी कशी सोडणार?"

माइकचा दांडा जरासा हलला. ओटालीनं दुसऱ्या हातानं डोळे पुसले, पण मिस फेमीकडे न बघता.

क्लब म्हणजे एका दुकानावरची खोली. आत सगळे म्हातारे, टेबलावर सोंगट्या अशा आपटत होते की खिडक्या थरथरत होत्या. हर्बर्ट क्लॅक्स्टन उठला, टोपी काढली. नेव्हिसचाच, सडपातळ, बुटांना आरसा.

"फेमी, या सगळ्या कोण?"

"माझी माणसं. या आठवड्यात माझ्याकडे कामाला आहेत. वाट."

त्यानं सोंगट्या वाटल्या. नंतरचं फार काही सांगण्यासारखं नाही. काळ्या बायकांच्या आयुष्याबद्दल त्या खोलीत एक अक्षरही कुणी बोललं नाही. मिस फेमीनं कोट काढला, बाह्या सारल्या, आणि त्या पुरुषांना एकेक करून उठवलं. जिंकली की सोंगटी आपटायची आणि म्हणायची, "पुढचा." आईनं जेवण वाढलं ते गार झालं. शेवटी टेबलावर हर्बर्ट एकटा उरला. निर्णायक डाव, दोघांच्या हातात थोड्याच सोंगट्या, मिस फेमीनं हात वर उचलला, आणि कॅमेऱ्याची बॅटरी संपली. दुसरी बॅटरी आणायची जबाबदारी एफुआची होती. ते मर्डेलकडे केस करून घेण्याच्या नादात राहून गेलं होतं.

सोमवारी सिनेमा तसाच गेला.

महोत्सवात तो संपला तेव्हा हॉल भरलेला होता. पडद्यावर मिस फेमीचा हात वर गेला, आणि अंधार. बराच वेळ टाळ्या वाजल्या. आम्हा सगळ्यांना मंचावर खुर्च्या दिल्या. पहिला प्रश्न गळ्यात तीन मफलर घातलेल्या एका गृहस्थांनी विचारला. शेवटचा तो अंधार म्हणजे काळ्या स्त्रीनं आपल्या कथेला पूर्णविराम द्यायला दिलेला नकार आहे का?

एफुआ आपल्या बुटांकडे बघायला लागली. माइक ओटालीनं घेतला.

"हो," ती म्हणाली. "आम्ही त्यावर फार विचार केला." आणि मग तिनं तो विचार सविस्तर सांगितला. त्यात बोटही आली.

मागच्या रांगेतून एक बाई उभी राहिली. आमच्यातलीच, लिव्हरपूलकडची असावी. "ते सगळं ठीक आहे," ती म्हणाली. "पण तो डाव कोण जिंकलं?"

मिस फेमीनं ओटालीच्या हातातून माइक घेतला. "म्हणजे काय? मीच."

पहिल्या रांगेत हर्बर्ट क्लॅक्स्टन टोपी मांडीवर घेऊन बसला होता. त्यानं वर माझ्याकडे बघितलं. कॅमेरा बंद पडला तरी त्या दिवशी आवाजाचं यंत्र चालू राहिलं होतं, आणि ते ध्वनिमुद्रण माझ्या लॅपटॉपमध्ये आहे, हे त्याला ठाऊक होतं. त्यात हर्बर्टची डाव संपवणारी सोंगटी आपटल्याचा आवाज आहे, आणि मिस फेमी जिंजरलँडच्या बोलीत जे म्हणाली तेही आहे. ते मी इथं लिहीत नाही.

मी समोरच्या ग्लासातलं पाणी प्यायले.

हर्बर्ट उठून उभा राहिला, प्रेक्षकांकडे वळला. "हरलो," तो म्हणाला. "वाईट हरलो."

हॉलमध्ये पुन्हा टाळ्या पडल्या. मिस फेमीनं त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. कोटाची कॉलर नीट केली, आणि माइकमध्ये म्हणाली, "पुढचा."